वळीव एका गल्लीत पडतो, शेजारच्या गल्लीत का नाही?

होळी झाली की बेळगावात पहाटे पांघरूण लागते आणि दुपारी अंगणातली फरशी पायाला चटका देते. हवेतील बाष्प रात्री जमिनीतून निघणारी उष्णता अडवून धरते. या दिवसांत ते कमी असते, शिवाय शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ७५० मीटर उंचीवर आहे, त्यामुळे दुपारी ३५ अंशांवर गेलेला पारा पहाटे २० च्याही खाली येऊ शकतो.

मात्र हवेच्या लहरीपणाचे मूळ वाऱ्यांत आहे. मार्च ते मे या काळात विदर्भापासून कर्नाटकाच्या अंतर्भागातून केरळपर्यंत, जमिनीपासून साधारण १ किलोमीटर उंचीवर, अनेकदा कमी दाबाचा पट्टा तयार होतो. त्याच्या पश्चिमेला वायव्येकडचा कोरडा वारा असतो, तर पूर्वेला बंगालच्या उपसागरावरून आलेला दमट वारा. हा पट्टा थोडा सरकला की काल कोरडी असलेली हवा आज अंगाला चिकटू लागते.

त्या दमट हवेला दुपारचे ऊन वर ढकलते. वर जाताना ती थंड होते, बाष्पाचे थेंब बनतात, आणि थेंब बनताना सुटलेली उष्णता तिला आणखी वर रेटते. अशा रीतीने तासाभरात दहा-बारा किलोमीटर उंचीचा ढग उभा राहतो. पडणाऱ्या पावसाचा काही भाग वाटेतच वाळतो, त्यामुळे गार व जड झालेली हवा खाली आदळून चहूकडे पसरते. सरीआधी धूळ उडवत येणारा, कौले हलवणारा गार वारा तो हाच. अशा ढगातून कधी गाराही पडतात. नुकतीच पडलेली एखादी गार मधोमध कापून पाहावी: आत पांढरे आणि काचेसारखे थर आलटून पालटून दिसतात. पाणी झटकन गोठले तर हवेचे बुडबुडे अडकून थर पांढरा होतो, सावकाश गोठले तर पारदर्शक.

असा एकटा ढग काही किलोमीटर रुंद असतो आणि तासाभरातच विरतो. म्हणून बेळगावच्या शहापुरात गारा पडतात, तेव्हा शेजारच्या टिळकवाडीत नुसतीच धूळ उडते. कोणत्या शिवारावर ढग उठेल हे आदल्या दिवशी सांगणे फार अवघड असते. हवामान खात्याचा तातडीचा इशाराही पुढच्या तीन तासांपुरताच असतो. बेळगाव जिल्ह्यातल्या अथणीकडे बेदाणा वाळत असताना तेवढा अवधी मोलाचा ठरतो, कारण शेडच्या बाजूंना ताडपत्री सोडायची ती पहिला थेंब पडण्याआधी.