पार्श्वभूमी : एका पातेल्याचा रविवार

१ ऑक्टोबर १९३३. जर्मनीत घरोघरी रविवारचा भाजलेल्या मांसाचा बेत रद्द झाला आणि सगळं एकाच पातेल्यात शिजलं. हिवाळ्यात महिन्यातून एक रविवार असं साधं जेवायचं, खर्च माणशी ५० फेनिंगच्या (अर्ध्या मार्काच्या) आत ठेवायचा आणि वाचलेले पैसे गरिबांसाठीच्या ‘हिवाळी मदत’ निधीला द्यायचे, असा सरकारी दंडक होता. वर्गणी न्यायला माणूस दारात येई. गरिबांच्या नावाने मागितलेल्या पैशाला नाही कोण म्हणणार?

हिटलरला चॅन्सेलर होऊन तेव्हा आठ महिने झाले होते. तो आला तेव्हा देशात ६० लाख बेकार होते. २७ फेब्रुवारीला संसदेची इमारत पेटली. दुसऱ्याच दिवशीच्या अध्यादेशाने पत्रं फोडायला, फोन ऐकायला, घरांची झडती घ्यायला सरकारला मोकळं रान मिळालं. पण ज्याला नुकतीच नोकरी लागली होती, त्याच्या घरात या अध्यादेशापेक्षा पगाराचीच चर्चा अधिक झाली असणार.

त्यात जूनमध्ये नवविवाहितांसाठी १,००० मार्कांपर्यंतचं बिनव्याजी कर्ज आलं. रोख नाही, फर्निचर आणि भांड्यांची कुपनं. बायकोने नोकरी सोडायची ही अट. दर मुलामागे पाव कर्ज माफ, म्हणजे चार मुलं झाली की फिटंफाट! ऑगस्टमध्ये ७६ मार्कांचा स्वस्त रेडिओ आला. मॉडेलचा क्रमांक ३०१, म्हणजे हिटलर सत्तेवर आला ती ३० जानेवारी.

मुलांना हिटलर युवा संघटनेचा गणवेश, तंबू, शेकोट्या आवडत. १९३९ मध्ये तर दहाव्या वर्षापासून सक्तीच झाली. १९३४ च्या कायद्याने सरकारची टवाळी गुन्हा ठरली होती. चार भिंतींतलं बोलणंही बाहेर फुटण्याजोगं असलं तर सुटत नसे. शिवाय दर ४०-६० घरांवर नाझी पक्षाचा एक माणूस नेमलेला. मग जेवताना पोरांसमोर काय बोलायचं, याचा आईबाप आधी विचार करू लागले.

ज्यू कुटुंबं सरकारच्या ‘कुटुंबा’च्या व्याख्येत धरलेलीच नव्हती. लग्नाचं कर्ज त्यांना नाही. १९३५ च्या कायद्याने, १ जानेवारी १९३६ पासून, ज्यू पुरुष असलेल्या घरात ४५ वर्षांखालची जर्मन मोलकरीण ठेवायला बंदी. डिसेंबर १९३८ मध्ये चार किंवा जास्त मुलं असलेल्या ‘जर्मन’ मातांसाठी सन्मानाचा क्रूस जाहीर झाला, आठ मुलांमागे सुवर्ण. त्यानंतर सुमारे पंधरवड्याने, १ जानेवारी १९३९ पासून, ज्यांची नावं सरकारच्या यादीतली ‘ज्यू’ नावं नव्हती, त्या ज्यू पुरुषांना आपल्या नावाला ‘इस्राएल’ आणि बायकांना ‘सारा’ जोडावं लागलं.