एसीवर सबसिडी का नाही? स्टार, जीएसटी आणि खान्देशातला उन्हाळा : थोडी पार्श्वभूमी

आखाजी (अक्षय तृतीया) जवळ आली की जळगाव, भुसावळ, धुळ्याच्या दुकानांत हा प्रश्न हमखास येतो, की फाइव्ह स्टार एसी घेतला तर सरकारकडून काही परत मिळतं का. ठिबकला मिळतं, गच्चीवरच्या सोलरला मिळतं, मग वीज वाचवणाऱ्या एसीला का नाही, असा लोकांचा सरळ हिशोब. उत्तर एका शब्दात संपतं, नाही. घरात एसी लावला म्हणून आपल्याकडच्या गिऱ्हाइकाच्या खात्यात सरकारी पैसे आले असं झालेलं नाही, आणि पगारदार माणसाला आयकरातही त्याची वजावट नाही. पण हे असं का झालं ती गोष्ट मात्र एका शब्दात संपत नाही, कारण मधे बल्ब आहेत, स्टार आहेत आणि मुख्य म्हणजे जीएसटी आहे.

आधी गोंधळ कुठून येतो ते सांगतो. व्हिडिओ. एनर्जी एफिशियंट एसीवर ३० टक्के टॅक्स क्रेडिट वगैरे जे फिरतं ते सगळं अमेरिकेचं. तिकडे तेलाचे भाव भडकल्यावर १९७८ च्या कायद्याने घरातली ऊर्जा वाचवणाऱ्या खर्चावर १५ टक्के, जास्तीत जास्त ३०० डॉलर, अशी करातली सूट आली, तीही बहुतेक भिंती-छताचं इन्सुलेशन, खिडक्या असल्या कामांसाठी, आणि १९८५ संपताना बंद झाली. मग वीस वर्षं शांतता. २००५ च्या कायद्याने परत १० टक्के, आयुष्यभरात एकूण ५०० डॉलर एवढीच मर्यादा. २००९ ला मंदीत ती ३० टक्के आणि १५०० डॉलर झाली, पुढे परत कमी. २०२२ च्या मोठ्या कायद्यात ३० टक्के, हीट पंपला (एसीसारखंच, पण घर गरमही करणारं यंत्र) वर्षाला २००० डॉलरपर्यंत, आणि हे २०३२ पर्यंत चालेल असं लिहिलेलं होतं. प्रत्यक्षात जुलै २०२५ च्या नव्या कायद्याने ते ३१ डिसेंबर २०२५ लाच संपवलं. त्याच २०२२ च्या कायद्यात कमी उत्पन्नाच्या घरांसाठी थेट रिबेटपण होतं, हीट पंपला ८००० डॉलरपर्यंत, ते राज्यांमार्फत, म्हणून कुठे चालू कुठे नाही. त्यामुळे दोन वर्षांपूर्वीचा व्हिडिओ बघून इथल्या दुकानदाराशी वाद घालण्यात अर्थ नाही, तो तिकडेसुद्धा आता लागू नाही.

अजून एक. त्या देशांची चिंता मुळात थंडीची. ब्रिटनमध्ये गॅसचा बॉयलर काढून हीट पंप लावला की ७५०० पौंड मिळतात, जर्मनीत हीटिंग बदलायला ७० टक्क्यांपर्यंत अनुदान आहे, म्हणजे सगळा पैसा घर गरम ठेवण्यासाठी. आपल्याकडे थंडी म्हणजे डिसेंबर-जानेवारीतले काही आठवडे, शेकोटी आणि गिझरवर भागतं. आपला प्रश्न मार्च ते जूनचा आहे, आणि त्यावर पैसे देण्याची पद्धत कुठल्याच श्रीमंत देशाकडून जशीच्या तशी उचलता येत नाही.

आपल्याकडचं जुनं फार सांगण्यासारखं नाही. धाब्याची घरं होती, जाड मातीच्या भिंती, रात्री वर झोपायचं, श्रीमंताकडे वाळ्याचे पडदे. मग पत्र्याचे कूलर आले आणि कोरड्या हवेमुळे ते इथे मुंबईपेक्षा कितीतरी चांगले चालले, आजही चालतात, पाणी असेल तर. एसी म्हणजे बँकेत, डॉक्टरकडे आणि साहेबाच्या केबिनमध्ये असायची गोष्ट, आणि हाच समज पुढे कराच्या टेबलात जाऊन बसला.

२००१ मध्ये ऊर्जा बचतीचा कायदा झाला, २००६ मध्ये वस्तू किती वीज वाचवते ते सांगणारं स्टारचं लेबल सुरू झालं, आधी ऐच्छिक, एसीला २०१० पासून सक्तीचं. इथे सरकारने एक रस्ता निवडला, की गिऱ्हाइकाला पैसे द्यायचे नाहीत, माहिती द्यायची. लेबल बघा, स्वतःच ठरवा, वाचलेलं वीजबिल हेच तुमचं बक्षीस.

दुसरा रस्ता बल्बने दाखवला. २००९ ला सीएफएल १५ रुपयांत द्यायची योजना आली होती ती काही फार पेटली नाही, पण जानेवारी २०१५ पासून एलईडीची जी योजना चालली ती सगळ्यांना आठवत असेल, वीज कंपनीच्या ऑफिसबाहेर बिल दाखवून बल्ब घ्यायच्या रांगा. त्यात सबसिडी नव्हतीच हे कमी लोकांना माहीत. सरकारी कंपनीने कोटींच्या संख्येने एकदम खरेदी केली आणि तिचा खरेदीचा दर २०१४ च्या ३१० रुपयांवरून २०१६ मध्ये ३८ रुपयांवर आला. साहजिकच वाटलं की एसीचंही असंच करू. २०१७ ला एक लाख एसींचं टेंडर निघालं, २०१९ मध्ये दीड टनाचा जास्त कार्यक्षम एसी ४१,३०० रुपयांत दिल्लीच्या काही भागातल्या घरगुती ग्राहकांना देऊ केला. तापी ओलांडून ते काही आपल्यापर्यंत आलं नाही. एसी म्हणजे बल्ब नव्हे, तो बसवायला माणूस लागतो, गॅस भरायला लागतो, बिघडला तर मे महिन्यात त्याच दिवशी यायला लागतो, आणि इथला माणूस ओळखीच्या दुकानातून हप्त्यावर घेतो. दिल्लीच्या वीज कंपन्यांनी जुना एसी द्या नवा सवलतीत घ्या अशा स्कीमा केल्या, त्याही तिथल्याच ग्राहकांपुरत्या.

आता खरा मुद्दा, ज्यावर इतकी वर्षं वाद झाला. १ जुलै २०१७ ला जीएसटी आला तेव्हा एसी २८ टक्क्यांत गेला, म्हणजे सगळ्यात वरच्या टप्प्यात, आणि कूलर १८ मध्ये. ठीक आहे, सुरुवातीला घाईत झालं असं म्हणता येईल. पण २७ जुलै २०१८ ला फ्रिज, वॉशिंग मशीन, लहान टीव्ही, मिक्सर, अगदी पाणी तापवायचा गिझरसुद्धा २८ वरून १८ वर आणला, आणि एसी तिथेच ठेवला. तेव्हा ते मुद्दाम झालं. पाणी गरम करायला १८ टक्के आणि खोली गार करायला २८ टक्के, हा हिशोब ज्याने भुसावळला मे महिना काढलाय त्याला कोणी समजावून दाखवावा.

बाजू दुसरीपण आहे, ती सांगायला हवी. २०१९ च्या केंद्राच्या कूलिंगच्या आराखड्यातच म्हटलंय की देशातल्या साधारण ८ टक्के घरांतच एसी आहे. मग एसीवरचा कर कमी करणं म्हणजे वरच्या थरातल्या लोकांना सूट देणं, आणि वर रात्रीची विजेची मागणी वाढवणं, ज्यासाठी भुसावळजवळच्या दीपनगर वीज केंद्रासारख्या ठिकाणी अजून कोळसा जाळायचा. हे म्हणणं चुकीचं नाही. कूलरवाल्याच्या खिशातून एसीवाल्याला कशाला द्यायचं, असं कोणी विचारलं तर माझ्याकडे पटकन उत्तर नाही.

पण ज्यावर बोट ठेवायला हवं ते वेगळंच आहे, की हा कर स्टारकडे बघतच नाही. वन स्टार असो नाहीतर फाइव्ह स्टार, टक्का सारखाच. आणि टक्का सारखा म्हणजे रुपये जास्त कोणाला? चांगल्यालाच. समजा थ्री स्टारची कराआधीची किंमत २८,००० आहे आणि तेवढ्याच टनाच्या फाइव्ह स्टारची ३६,०००. २८ टक्क्यांनी पहिल्यावर ७,८४० रुपये कर आणि दुसऱ्यावर १०,०८०. म्हणजे वीज वाचवणारा घेतला म्हणून २,२४० रुपये जास्त भरा. लेबलवाले सांगतात जास्त स्टारचा घ्या आणि कराचा कागद सांगतो दंड भरा, दोन्ही एकाच सरकारचं. हे कर ठरवणाऱ्यांना कळत नव्हतं असं मला वाटत नाही, वस्तूच्या आत शिरून कार्यक्षमतेप्रमाणे दर लावायचा तर वर्गीकरणाची भांडणं होतात, खोटी लेबलं येतात, म्हणून त्यांनी तो नादच सोडला असावा. तरी इलेक्ट्रिक गाडीला ५ टक्के आणि पेट्रोलच्या गाडीला २८ अधिक सेस असा भेद २०१९ पासून केलाच होता की. तिथे जमलं.

आणि गंमत बघा, गारव्याला सबसिडी द्यायला सरकारची तत्त्वतः ना नाही. रावेर-सावद्याकडे केळी पिकवायचं रायपनिंग चेंबर बांधा, कोल्ड स्टोरेज बांधा, फलोत्पादनाच्या योजनेत खर्चाच्या ३५ टक्के अनुदान आहे, बँकेचं कर्ज घेऊन, मागाहून खात्यावर. केळीला गार हवा सरकारी मदतीने मिळते आणि ती केळी कापणाऱ्याच्या पत्र्याच्या घराला नाही. माल आहे, उत्पन्न आहे, म्हणून तिकडे पैसा जातो, समजण्यासारखं आहे, पण मे हीटमध्ये फक्त घडच करपतात असं थोडीच आहे.

शेवटी २०२५ ला गाडी हलली. १५ ऑगस्टच्या भाषणात जीएसटी कमी होणार अशी घोषणा झाली, लगेच लोकांनी खरेदी थांबवली आणि दुकानदार महिनाभर माशा मारत बसले, ३ सप्टेंबरला निर्णय झाला आणि २२ सप्टेंबरला, घटस्थापनेच्या दिवशी, एसी १८ टक्क्यांवर आला. सोबत डिशवॉशर आणि मोठे टीव्हीपण. वरच्या उदाहरणात आता थ्री स्टारवर ५,०४० आणि फाइव्ह स्टारवर ६,४८० कर, फरक १,४४० चा. कमी झाला, गेला नाही. स्टारकडे बघणं अजूनही नाहीच, फक्त चैनीच्या यादीतून नाव निघालं.

आता स्टारचंही थोडं, कारण तिथे फसायला होतं. फाइव्ह स्टार हा काही कायमचा हुद्दा नाही. २०१८ पासून इन्व्हर्टर आणि साधे एसी एकाच टेबलात आले आणि स्प्लिट एसीला पाच स्टारसाठी आयएसईईआर हा आकडा (हंगामभरात विजेच्या मानाने एसी किती गार करतो ते सांगणारा) किमान ४.५० लागायचा. १ जुलै २०२२ पासून तो ५.०० झाला, म्हणजे आधीच्या टेबलात पाच स्टार मिळवणारे बरेच एसी, मशीन तेच, एका रात्रीत चारवर आले. तो बदल आधी जानेवारीत होणार होता, पडून असलेला माल खपावा म्हणून सहा महिने पुढे ढकलला, आणि त्या सहा महिन्यांत कोणी काय विकलं ते विचारू नका. १ जानेवारी २०२६ पासून टेबल परत कडक झालंय. म्हणून स्टार मोजण्यापेक्षा लेबलवरचा आकडा आणि लेबल कोणत्या काळापुरतं आहे ते वाचावं.

त्यातही आपल्यासाठी एक मेख आहे. हा आकडा काढताना वर्षाला १६०० तास आणि बाहेरचं तापमान २४ ते ४३ अंश एवढंच धरतात. एसीची टनाची क्षमता मोजतात ती तर बाहेर ३५ अंश असताना. आपल्याकडे एप्रिल-मेची दुपार बऱ्याचदा ४३ च्या पुढे जाते. त्या वेळी एसी लेबलवर लिहिलंय तेवढा गार करत नाही आणि वीज जास्त खातो, मग लोक म्हणतात कंपनीने फसवलं. कंपनीने नाही फसवलं, देशाच्या सरासरीत खान्देशची दुपार बसली नाही.

मग सरकारचा पैसा या धंद्यात गेलाच नाही का? गेला, पण कारखान्याकडे. २०२० मध्ये गॅस भरलेले तयार एसी आयात करायला बंदी आली, एप्रिल २०२१ ला एसी आणि एलईडीचे सुटे भाग इथे बनवणाऱ्यांसाठी ६,२३८ कोटींची प्रोत्साहन योजना मंजूर झाली, वाढीव विक्रीवर टक्केवारीने. कारखाने वाढले हे खरं. गिऱ्हाइकापर्यंत त्यातलं किती झिरपलं ते त्याने बिल बघून ठरवावं.

सध्या घरगुती माणसाला गारव्यासाठी जवळपास सबसिडीसारखं काही मिळत असेल तर ते आडवाटेने, सूर्यघर योजनेतून. फेब्रुवारी २०२४ पासून ३ किलोवॅट किंवा जास्तच्या पॅनलला ७८,००० रुपये केंद्राकडून मिळतात, आणि आपल्याकडे ऊन काय कमी आहे. दुपारी एसी चालतो तेव्हाच पॅनल जोरात असतात आणि बिल ३०० युनिटच्या वरच्या स्लॅबमध्ये जाण्यापासून वाचतं, हा हिशोब जळगावच्या बऱ्याच गच्च्यांनी केव्हाच केलाय. भाड्याने राहणाऱ्याला यात सहसा जागा नाही, आणि गच्ची सामाईक असेल तर सोसायटीला सामाईक वापरापुरतं वेगळं अनुदान आहे. जुना एसी देऊन नवा कार्यक्षम घेणाऱ्याला देशभर काही सवलत द्यावी अशी चर्चा २०२५ च्या उन्हाळ्यात दिल्लीत झाली होती, एसी २० अंशांच्या खाली जाऊच नये असा नियम आणायची घोषणाही त्याच जूनमध्ये झाली. दुकानात कोणी "योजना येणारे, थांबा" किंवा "योजना आहे, आत्ताच घ्या" यातलं काहीही म्हणालं तर त्याच्याकडे आधी जीआर मागा.