जुळे स्फटिक निरोप का देत नाहीत?

अद्भुतकथांच्या जगात एक वस्तू हमखास भेटते. एकाच खाणीतल्या स्फटिकाचे दोन तुकडे: एक राजधानीत, दुसरा हजार कोसांवरच्या सरहद्दीच्या गढीत. इथला तुकडा उजळला की त्याच क्षणी तिथलाही उजळतो. कल्पना जुनीच. गॅलिलिओच्या 1632 सालच्या संवादग्रंथात चुंबकसुयांच्या जोडीने दूरवर बोलण्याचं गुपित विकायला निघालेल्या एका माणसाचा किस्सा आहे. शेजारच्या खोलीतून करून दाखव म्हटल्यावर तो सांगतो, इतक्या जवळून परिणाम नीट दिसत नाही!

आता या स्फटिकांना ‘क्वांटम’चा, म्हणजे अतिसूक्ष्म कणांच्या नियमांचा आधार मिळाला, असं सर्रास सांगितलं जातं. 2022 सालचं भौतिकीचं नोबेल ॲस्पे, क्लाउझर आणि झाइलिंगर यांना गुंतलेल्या फोटॉनांवरच्या (प्रकाशाच्या कणांवरच्या) प्रयोगांसाठी मिळालं, हे खरं. पण त्यावरून ‘क्षणात निरोप जातो’ असं म्हणणं चूक आहे. ‘क्वांटम’ या शब्दाच्या जोरावर दूरस्थ उपचार आणि मनांची जोडणी विकणं तर निव्वळ फसवणूक आहे.

गुंतलेले दोन फोटॉन घ्या. प्रकाशलहरीच्या कंपनाला दिशा असते, तिला ध्रुवीकरण म्हणतात. राजधानीत फोटॉन आडवा की उभा हे तपासलं आणि तो आडवा निघाला, तर गढीतलाही त्याच कसोटीवर आडवाच निघतो. तिरपी कसोटी लावली, म्हणजे 45 अंश उजवीकडे की डावीकडे असं विचारलं, तरी दोघांची उत्तरं जुळतात. मग निरोप पाठवायला काय हरकत? आडवी-उभी कसोटी म्हणजे ‘हल्ला’, तिरपी म्हणजे ‘तह’.

हरकत अशी, की उत्तर काय येणार हे राजधानीच्या हातात नाही, आणि गढीतल्या पहारेकऱ्याकडे फोटॉन एकच आहे. तो आडवं-उभं तपासतो. राजधानीने कुठलीही कसोटी लावलेली असो, त्याला निम्म्या वेळा आडवा मिळतो, निम्म्या वेळा उभा. उत्तरं जुळली हे दोन्हीकडच्या वह्या शेजारी ठेवल्यावरच कळतं, आणि वही घोड्यावरूनच यायला हवी.

1982 साली निक हर्बर्ट या भौतिकशास्त्रज्ञाने यावर तोड सुचवली. गढीतल्या फोटॉनच्या लेसरने पुष्कळ प्रती काढा. निम्म्या आडव्या-उभ्या कसोटीवर तपासा, निम्म्या तिरप्या. ज्या कसोटीवर सगळ्या प्रती एकच उत्तर देतील, तीच राजधानीने लावली होती. हा शोधनिबंध परीक्षणासाठी आशर पेरेझ यांच्याकडे गेला. तो चुकीचा आहे हे त्यांना ठाऊक होतं, तरी चूक शोधताना काही मोलाचं हाती लागेल म्हणून त्यांनी छापण्याची शिफारस केली. पेरेझ यांच्या या निर्णयाचं मला मनापासून कौतुक वाटतं.

चूक ‘प्रती काढा’ या दोन शब्दांत होती. त्याच वर्षी वूटर्स आणि झुरेक यांनी, तसंच स्वतंत्रपणे डीक्स यांनी ती दाखवली. प्रती काढणारं यंत्र आडव्याचे दोन आडवे करतं आणि उभ्याचे दोन उभे, असं धरू. आता त्यात तिरपा फोटॉन सोडा. तिरपा म्हणजे ‘आडवा अधिक उभा’, आणि क्वांटम नियम बेरजेतल्या प्रत्येक पदावर स्वतंत्रपणे चालतात. म्हणून बाहेर येतं ‘आडवा-आडवा अधिक उभा-उभा’. दोन खऱ्या तिरप्या प्रती हव्या असतील तर शाळेतल्या (अ+ब)² सारखी चार पदं लागतात: आडवा-आडवा, आडवा-उभा, उभा-आडवा, उभा-उभा. मधली दोन आलीच नाहीत! यंत्राने प्रत काढलीच नाही, एक नवी गुंतलेली जोडी जन्माला घातली. तिरप्या कसोटीवर या जोडीची उत्तरं एकमेकांशी जुळतील, पण ती उजवी की डावी हे पुन्हा नशिबावर, म्हणजे मूळ तिरपेपणाची खूण पुसली गेली. फक्त बेरीज आणि गुणाकार वापरून अख्खं यंत्र अशक्य ठरतं, हे पहिल्यांदा कागदावर करून पाहिलं तेव्हा मी ते पान पुन्हा पुन्हा पाहत बसलो होतो.

प्रत निघत नाही, याचा फायदाही आहे. वाटेत कुणी फोटॉन पकडून त्याची नक्कल पुढे धाडू लागला, तर जुळणी बिघडते आणि चोरी उघड होते. आर्टर एकर्ट यांनी 1991 मध्ये गुंतलेल्या जोड्यांतून गुप्त किल्ली, म्हणजे पत्र सांकेतिक करायला लागणारी अक्षरमाळ, तयार करण्याची पद्धत मांडली. 2020 मध्ये चीनच्या मोझी उपग्रहाच्या मदतीने 1,120 किलोमीटर अंतरावरच्या दोन केंद्रांत अशी किल्ली तयार झाल्याचं प्रसिद्ध झालं.

तेव्हा अद्भुतकथा लिहिणाऱ्यांनी जुळे स्फटिक जरूर ठेवावेत, पण ते निरोप देणार नाहीत. दोन्ही टोकांना ते एकच, कुणालाही आधी ठाऊक नसलेली अक्षरमाळ उमटवतील. राजधानी तिच्या आधारे पत्र सांकेतिक करील, गढी तिच्याच आधारे उलगडील. मधले हजार कोस पत्र घोडेस्वारच नेईल. तो शत्रूच्या हाती सापडला, तरी त्याच्या थैलीतल्या कागदावर कुणालाही काही वाचता येणार नाही.