शासकीय ग्रंथालय आणि शासनमान्य वाचनालय: गावातलं वाचनालय नेमकं कुणाचं?

वाचनालयाला चार दिवस कुलूप दिसलं की गावात ठरलेली प्रतिक्रिया उमटते: सरकारचं लक्ष नाही. पाटीवर ठळक अक्षरांत ‘शासनमान्य’ लिहिलेलं असतं, त्याखाली वर्ग दिलेला असतो, पुस्तकाच्या पहिल्या पानावरच्या शिक्क्यातही तेच असतं. तेव्हा लोकांनी ते सरकारी समजणं स्वाभाविकच आहे. पण महाराष्ट्रात गावोगावी दिसणारी बहुतेक वाचनालयं सरकारी नाहीत, ती संस्थांची आहेत. सरकार त्यांना मान्यता देतं आणि खर्चाला हातभार लावतं, एवढंच. शासकीय ग्रंथालय हा निराळा प्रकार, आणि तशी ग्रंथालयं मोजकीच आहेत. हा फरक लक्षात आला नाही, तर तक्रार भलत्याच दारात जाते आणि जिथे आपल्या शब्दाला किंमत आहे तिथे आपण फिरकतही नाही.

शासकीय ग्रंथालयाचं थोडक्यात सांगता येतं. ते ग्रंथालय संचालनालयाच्या अखत्यारीत चालतं, आणि हे संचालनालय सांस्कृतिक कार्य विभागाकडे नसून उच्च व तंत्र शिक्षण विभागाकडे आहे. मुंबईत टाउन हॉलच्या इमारतीतलं राज्य मध्यवर्ती ग्रंथालय, पुणे, नागपूर, नाशिक अशा ठिकाणची शासकीय विभागीय ग्रंथालयं आणि जिल्ह्याच्या गावातलं शासकीय जिल्हा ग्रंथालय ही त्याची उदाहरणं. तिथला ग्रंथपाल सरकारी नोकर असतो. त्याला वेतनश्रेणी असते, त्याची बदली होते, निवृत्तीनंतरचे लाभ सरकारी नियमांनी ठरतात. पुस्तकं सरकारी तरतुदीतून येतात, वीजबिल सरकार भरतं. मुंबईच्या मध्यवर्ती ग्रंथालयावर आणखी एक जबाबदारी आहे. १९५४ च्या कायद्यानुसार देशातल्या ज्या चार ग्रंथालयांना प्रकाशकाने नव्या पुस्तकाची प्रत पाठवायची असते, त्यांत कोलकाता, चेन्नई आणि दिल्लीबरोबर मुंबईही आहे. अशा ग्रंथालयाला ना कार्यकारिणी असते, ना निवडणूक, ना वार्षिक सर्वसाधारण सभा. तिथे पद रिकामं राहिलं किंवा छत गळायला लागलं, तर ‘सरकारचं लक्ष नाही’ हे वाक्य अगदी बरोबर बसतं.

शासनमान्य वाचनालयाची गोष्ट मोठी आहे, कारण ती ग्रंथालयांच्या १९६७ च्या कायद्याच्या आणि या राज्याच्याही आधीपासूनची आहे. रत्नागिरीचं नगर वाचनालय १८२८ चं, नाशिकचं सार्वजनिक वाचनालय १८४० चं. पुण्यात लोकहितवादींच्या पुढाकाराने १८४८ मध्ये सुरू झालेलं ग्रंथालय आज पुणे नगर वाचन मंदिर म्हणून उभं आहे. ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ मध्ये निघालं आणि मुंबईचं १८९८ मध्ये. वर्गणी काढून, देणग्या मागून, कुणाच्या तरी वाड्यातली खोली मिळवून लोकांनी ही उभी केली. सरकारने नेमलेल्या फैजी समितीने १९४० च्या सुमारास मुंबई प्रांतात ग्रंथालयांचं जाळं कसं विणावं याचा विचार केला, कोल्हापूर संस्थानाने १९४५ मध्ये स्वतःचा ग्रंथालय कायदाही केला. त्यामुळे महाराष्ट्राने १९६७ मध्ये सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा केला तेव्हा पाटी कोरी नव्हती.

त्या वेळी दोन वाटा होत्या. कर्नाटकाने १९६५ च्या कायद्याने सरकारी खात्यामार्फत ग्रंथालयं चालवायची आणि त्यासाठी स्थानिक करांवर ग्रंथालय उपकर, म्हणजे ग्रंथालयांपुरता जादा कर, लावायचा, अशी व्यवस्था केली. मद्रासने तर १९४८ मध्येच उपकराची वाट धरली होती. महाराष्ट्राने उपकर लावला नाही. लोकांनी उभ्या केलेल्या संस्था तशाच राहू द्यायच्या, त्यांना मान्यता द्यायची, वर्ग ठरवायचे आणि राज्याच्या अंदाजपत्रकातून सहायक अनुदान द्यायचं, असं ठरलं. अनुदानाचे नियम १९७० मध्ये आले. आज राज्यात अकरा-बारा हजारांच्या घरात वाचनालयं आहेत ती या निर्णयामुळे. उपकर घेऊन खातं चालवलं असतं तर एवढी पसरलीच नसती, असं मला वाटतं. पण त्याच निर्णयाने संस्थांना दरवर्षी अंदाजपत्रकाकडे डोळे लावून बसायची सवयही लावली. उपकराचा पैसा निदान हक्काचा असतो. अनुदानाचा आकडा वर्षानुवर्षं तिथेच राहू शकतो, आणि राहिला आहे.

आता मान्यता म्हणजे काय ते बघू. आधी काही लोक एकत्र येऊन संस्था नोंदवतात. १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली आणि १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याखाली, म्हणजे धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात. संस्थेची घटना असते, तिच्यात सभासदांचे प्रकार, कार्यकारिणीची मुदत, सभेची गणसंख्या लिहिलेली असते. मग संस्था वाचनालय चालवून दाखवते आणि मान्यतेसाठी अर्ज करते. मान्यता मिळाली की ते वाचनालय जिल्हा, तालुका किंवा इतर या गटात आणि अ, ब, क, ड यांपैकी एका वर्गात बसतं. ‘जिल्हा अ’ सर्वांत वरचा, ‘इतर ड’ सर्वांत खालचा. गोंधळ वाढतो तो इथेच. एखाद्या जुन्या संस्थेच्या पाटीवर ‘जिल्हा ग्रंथालय’ असं असू शकतं आणि तरीही ते संस्थेचंच असतं. त्याच शहरात शासकीय जिल्हा ग्रंथालय वेगळ्या इमारतीत असतं.

वर्ग कागदावर टिकत नाही, तो वह्यांमध्ये टिकतो. जिल्हा ग्रंथालय अधिकारी कार्यालयातून तपासणी येते तेव्हा टेबलावर काय काय मांडलेलं असतं ते बघण्यासारखं आहे. दाखल नोंद रजिस्टरमध्ये प्रत्येक पुस्तकाला एक क्रमांक, आणि तोच क्रमांक पुस्तकाच्या आत शाईने लिहिलेला. देवघेव नोंदी, रोजच्या वाचकांच्या सह्यांची वही, वर्तमानपत्रांची आणि नियतकालिकांची बिलं, कीर्द आणि खतावणी, टेबल-खुर्च्या-कपाटांची जडवस्तू संग्रह नोंदवही, सभेचं इतिवृत्त. अधिकारी मधलाच एखादा क्रमांक सांगतात आणि ते पुस्तक कपाटातून काढून दाखवायला सांगतात. चांगला ग्रंथपाल उठतो आणि न शोधता हात घालून आणतो. २०१२ मध्ये महसूल यंत्रणेकडून राज्यभर अशीच मोठी पडताळणी झाली, त्यात बरीच वाचनालयं कागदावरच असल्याचं किंवा निकषांत न बसल्याचं उघड झालं. त्यानंतर नवी मान्यता आणि वर्गवाढ दोन्ही कित्येक वर्षं थांबली. बोगस संस्थांना चाप लावायलाच हवा होता. पण ज्या वाचनालयांनी त्याच काळात पुस्तकं वाढवली, सभासद वाढवले, अभ्यासिका सुरू केली, ती जुन्याच वर्गात अडकून राहिली. खोट्याची शिक्षा खऱ्याला झाली. हे मी सौम्य शब्दांत सांगू शकत नाही.

पैशाचा हिशोब पाहिला की दोन्ही प्रकारांतलं अंतर डोळ्यांत भरतं. सहायक अनुदान हे संपूर्ण खर्चाचं नसतं. मान्य खर्चाच्या ९० टक्क्यांपर्यंत, आणि तेही वर्गाला ठरलेल्या कमाल मर्यादेत. उरलेलं संस्थेने वर्गणी, देणगी किंवा सभागृहाच्या भाड्यातून उभं करायचं. २०२२ मध्ये राज्य सरकारने या अनुदानात ६० टक्के वाढ केली. जिल्हा अ वर्गाचा वार्षिक आकडा ७ लाख २० हजारांवरून ११ लाख ५२ हजारांवर गेला आणि ड वर्गाचा ३० हजारांवरून ४८ हजारांवर. अनुदानातली निम्मी रक्कम वेतनावर आणि निम्मी वेतनेतर बाबींवर, म्हणजे पुस्तकं, वर्तमानपत्रं, भाडं, वीज यांवर खर्चायची असते. त्या वाढीनंतरचं ड वर्गाचं गणित करून बघा. ४८ हजारांचे निम्मे २४ हजार, महिन्याला दोन हजार रुपये. वाढ होण्याआधी ते साडेबाराशे होते. या पैशांत रोज कुलूप उघडणारा, झाडलोट करणारा, पुस्तक देणारा आणि वर सांगितलेल्या सगळ्या वह्या लिहिणारा माणूस मिळावा, ही अपेक्षा. शासकीय ग्रंथालयात हेच काम करणाऱ्याला सरकारी वेतनश्रेणी. काम तेच, वाचक तेच, आणि कायदाही एकच. शासनमान्य वाचनालयांतले कर्मचारी वेतनश्रेणी आणि सेवाशर्ती मागत आले आहेत, त्यांना मिळणारं उत्तर मात्र ठरलेलं: तुम्ही संस्थेचे नोकर आहात, शासनाचे नाही.

कायद्याने ते उत्तर बरोबर आहे, न्यायाने नाही. तपासणीच्या वेळी, वेळापत्रक ठरवताना, पुस्तकखरेदीचे नियम लावताना वाचनालय जवळजवळ सरकारी असल्यासारखं वागवायचं आणि पगाराचा विषय निघाला की संस्थेकडे बोट दाखवायचं, हे चालू नये. संस्थाचालकही याच धूसर रेषेचा फायदा घेतात. अनुदान आलं नाही म्हणून नवी पुस्तकं नाहीत, असं सांगणाऱ्या कार्यकारिणीला कुणी विचारत नाही की तुमच्या वाट्याचा दहावा हिस्सा कुठे आहे, शेवटची देणगी कधी मागितलीत, सभा कधी घेतलीत. अनुदानाचा शेवटचा हप्ता वर्ष संपता संपता हातात पडला की मार्चच्या अखेरीस घाईघाईने पुस्तकं घेतली जातात. कुणी मागितलेली नाहीत, पण सवलतीत मिळाली अशी पुस्तकं कपाटात जाऊन बसतात. त्यांच्यावरही दाखल नोंदीचा क्रमांक पडतो, आणि पुढे ती कुणीच नेत नाही.

चांगली उदाहरणं कमी नाहीत. नाशिकच्या सार्वजनिक वाचनालयाने ग्रंथालयाबरोबर नाट्यगृह आणि वस्तुसंग्रहालय सांभाळलं आहे. तिथली कार्यकारिणीची निवडणूक शहरात चर्चेचा विषय होते, पॅनेलं उभी राहतात, सभासद रांगेत उभे राहून मत देतात. निवडणुकीत भांडणं होतात, अगदी कोर्टापर्यंतही जातात, तरी मला ती खूणच वाटते की संस्था जिवंत आहे. ज्या वाचनालयात वर्षानुवर्षं तेच अध्यक्ष आणि तेच कार्यवाह बिनविरोध येतात, तिथली शांतता जास्त काळजीची.

पुस्तकांचा एक स्रोत मात्र दोन्ही प्रकारांना लागू आहे. केंद्र सरकारचं राजा राममोहन राय ग्रंथालय प्रतिष्ठान, १९७२ मध्ये स्थापन झालेलं आणि कोलकात्याला मुख्यालय असलेलं, राज्याने आपला वाटा दिला की त्यात भर घालून पुस्तकं पुरवतं. हे पुस्तकांच्या रूपातलं साहाय्य, पगाराचा प्रश्न त्याने सुटत नाही.

गोव्यात चित्र निराळं आहे. पणजीच्या पाटो भागातलं कृष्णदास शामा गोवा राज्य मध्यवर्ती ग्रंथालय पोर्तुगीज काळातल्या १८३२ च्या ग्रंथालयातून वाढलं, आणि ते कला व संस्कृती संचालनालयाकडे आहे. तिथला सार्वजनिक ग्रंथालय कायदा १९९३ चा. आपल्याकडे ग्रंथालयं शिक्षणाच्या खात्यात आणि नाटक, लोककला, पुरातत्त्व सांस्कृतिक खात्यात अशी वाटणी असल्याने, जुन्या वाचनालयातली हस्तलिखितं आणि दुर्मिळ नियतकालिकं दोघांच्याही कामाच्या यादीत शेवटी राहतात. शंभर वर्षांपूर्वीच्या मासिकाची फाइल हा वारसा आहे, तरी तिचं मोल अनुदानाच्या हिशोबात दाखल नोंदीतल्या एका क्रमांकाएवढंच.

मालकीचा फरक सर्वांत जास्त कळतो तो जागेच्या बाबतीत. शासकीय ग्रंथालयाची इमारत सरकारची. संस्थेच्या वाचनालयाची मोक्याच्या चौकातली जागा संस्थेची, आणि संस्था सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था असल्याने ती जागा विकायची किंवा दीर्घ मुदतीने भाड्याने द्यायची तर धर्मादाय आयुक्तांची आधी परवानगी लागते. पुनर्विकासाच्या गोष्टी सुरू झाल्या की मंत्रालयात निवेदन देण्याआधी सभेचं इतिवृत्त मागा. ठराव कोणत्या सभेत झाला, गणसंख्या होती का, परवानगीचा अर्ज गेला का, हे प्रश्न तिथेच विचारायचे.

मग आपलं वाचनालय कुठल्या प्रकारचं, हे ओळखायचं कसं? वर्गणीची पावती बघा. संस्थेच्या पावतीवर संस्थेचं नाव असतं आणि बहुधा नोंदणी क्रमांकही. आणि आणखी एक गोष्ट तपासा: दरमहा वर्गणी भरून पुस्तकं नेणारा वाचक प्रत्येक ठिकाणी मताचा धनी असतोच असं नाही. काही संस्थांच्या घटनेत मत फक्त आजीव आणि साधारण सभासदांना असतं, वाचक सभासद त्यात येत नाहीत. घटनेची प्रत कार्यालयात असते, ती बघायला मागा. आजीव सभासदत्वाची रक्कम किती आणि पुढची वार्षिक सभा कधी, हेही तिथेच देवघेवीच्या टेबलावर विचारून घ्या.