जपानी लष्कराची ‘कम्फर्ट स्टेशन’ आणि उशिरा सुरू झालेला अभ्यास

ऑगस्ट १९४४ मध्ये ब्रह्मदेशातील मिचिना शहर दोस्त राष्ट्रांच्या हाती आले, तेव्हा ‘कम्फर्ट स्टेशन’ म्हणजे जपानी सैनिकांच्या लैंगिक उपभोगासाठी स्त्रिया ठेवणाऱ्या केंद्रांसाठी सैन्याबरोबर नेलेल्या वीस कोरियन स्त्रिया परिसरात पकडल्या गेल्या. आसाममधील लेडो येथील छावणीत त्यांची चौकशी झाली आणि ऑक्टोबरमध्ये अमेरिकी अहवाल तयार झाला. इस्पितळात जखमी सैनिकांची विचारपूस करायची, पट्ट्या गुंडाळायच्या, सिंगापूरसारख्या नव्या मुलखात राहायचे, अशी आमिषे दाखवून आणि काहीशे येन आगाऊ देऊन यांतील अनेकींना आणले होते, हे त्यात स्पष्ट नोंदवले आहे. तरीही त्याच अहवालाने त्यांना सैन्यामागे फिरणाऱ्या वेश्या ठरवून टाकले. या विषयाचा गंभीर अभ्यास सुरू व्हायला पुढे चार दशकांहून अधिक काळ का लागला, याचे बरेचसे उत्तर मला या एका अहवालात दिसते.

शांघायमध्ये १९३२ साली सुरू झालेली ही केंद्रे १९३७ नंतर चीनभर आणि पुढे आग्नेय आशियात पसरली. जपानी नेत्यांवरील युद्धानंतरच्या टोकियो खटल्यात सक्तीच्या वेश्याव्यवसायाचे पुरावे दाखल झाले होते, पण त्यासाठी स्वतंत्र आरोप ठेवला गेला नाही. बटाव्हिया (आजचे जकार्ता) येथील डच लष्करी न्यायालयाने १९४८ मध्ये सेमारंग प्रकरणी, म्हणजे जावा बेटावरील सेमारंग शहरात छावण्यांतील डच स्त्रियांना अशा केंद्रांत जबरदस्तीने नेल्याबद्दल, जपानी अधिकाऱ्यांना शिक्षा केली. मात्र तो खटला डच स्त्रियांपुरता होता, आणि त्याच बेटावरच्या इंडोनेशियन स्त्रियांची दाद कोणी घेतली नाही.

कोंडी फुटली ती दक्षिण कोरियात. तेथील लोकशाही चळवळीने १९८७ नंतर महिला संघटनांना मोकळीक मिळवून दिली आणि प्राध्यापिका युन चुंग-ओक यांनी स्वतः ठिकठिकाणी जाऊन जमवलेली माहिती १९९० मध्ये वृत्तपत्रात मांडली. त्याच वर्षी जपान सरकारने संसदेत हे खासगी व्यावसायिकांचे काम असल्याचे सांगितले. त्याला उत्तर म्हणून १४ ऑगस्ट १९९१ रोजी अशा केंद्रातून वाचलेल्या किम हाक-सून यांनी आपले नाव आणि चेहरा न लपवता सोलमध्ये साक्ष दिली. तिचा परिणाम होऊन चुओ विद्यापीठाचे इतिहासकार योशिमी योशिआकी यांनी जपानच्या संरक्षण खात्याच्या ग्रंथालयात शोध घेतला, आणि जानेवारी १९९२ मध्ये लष्कराचीच कागदपत्रे प्रसिद्ध झाली. त्यांतील ४ मार्च १९३८ च्या सूचनेत, स्त्रिया जमवणारी माणसे नीट पारखून निवडावीत आणि स्थानिक लष्करी व नागरी पोलिसांशी संधान ठेवावे, असे युद्ध मंत्रालयानेच कळवले होते. १९९३ मध्ये मुख्य कॅबिनेट सचिव कोनो योहेई यांनी केलेल्या ‘कोनो निवेदनात’ जपान सरकारला लष्कराचा सहभाग मान्य करावा लागला.

वाद तिथे थांबला नाही. स्त्रियांच्या संख्येचे बहुतेक अंदाज वीस हजारांपासून दोन लाखांपर्यंत आहेत, कारण शरणागतीच्या वेळी असंख्य कागद जाळले गेले. आपण कोरियात स्त्रियांना बळाने उचलून नेले, असे सांगणाऱ्या योशिदा सेइजी या जपानी माणसाचे कथन खोटे ठरल्यावर ‘आसाही शिंबुन’ या जपानी वृत्तपत्राने २०१४ मध्ये त्यावरील बातम्या मागे घेतल्या आणि हा इतिहास नाकारणाऱ्यांनी त्याचे भांडवल केले, हा अभ्यास मात्र अनेक देशांतील साक्षी आणि लष्करी दस्तऐवज यांवर उभा आहे, त्या एका कथनावर नाही, हे ठामपणे सांगायला हवे. फसवून नेले की उचलून नेले, एवढ्यावरच वाद घालणे हा मला त्या स्त्रियांवरचा दुसरा अन्याय वाटतो, कारण केंद्रात पोहोचल्यावर बाहेर पडण्याची मुभा बहुतेकींना नव्हतीच.

आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय स्थापणाऱ्या १९९८ च्या रोम करारात लैंगिक गुलामगिरीची मानवतेविरुद्धचा गुन्हा म्हणून स्वतंत्र नोंद झाली. २०१६ मध्ये अनेक देशांतील संघटनांनी या साक्षी व कागदपत्रे युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीसाठी सादर केली. ऑक्टोबर २०१७ मध्ये युनेस्कोने त्यावरचा निर्णय पुढे ढकलला.