नव्या लोककथेची तेलुगू परंपरा

लोककथा कुणी टेबलाशी बसून लिहीत नाही, ती लोकांच्या तोंडीच घडते, अशी आपली समजूत असते. तेलुगूत मात्र नाव-गाव असलेल्या लेखकांनी नव्या लोककथा रचल्या आणि वाचकांनी त्या जुन्या म्हणूनच स्वीकारल्या.

हे जमलं, कारण तोंडी कथेचा साचा सगळ्यांच्या कानात पक्का बसलेला होता. गोष्ट उघडते 'अनगनगा ओक राजु' अशी, म्हणजे आपलं 'एक होता राजा'. राजाला सात मुलगे. ते शिकारीला जातात नि सात मासे आणतात. मासे उन्हात टाकतात, पण एक काही सुकत नाही. माशा माशा, का रे नाही सुकलास? गवताची गंजी आड आली. गंजी का आड आली? गाईने खाल्ली नाही. मग गुराखी, रडणारं पोर असं करत शेवटी मुंगी येते. ती म्हणते, 'माझ्या सोन्याच्या वारुळात बोट घातलं, तर मी चावणार नाही होय?' सांगणाऱ्यागणिक एखादा दुवा बदलतो, साखळी तुटत नाही. आणि गोष्ट मिटते 'कथा कांचीला, आपण घराला' या वाक्याने.

मधिर सुब्बन्न दीक्षितुलु (१८६८–१९२८) यांच्या 'काशी मजिली कथलु'चे बारा भाग झाले. मणिसिद्ध नावाचा यती काशीला निघतो. सोबतीला येणारा गुराखी पोर अट घालतो: वाटेत मला जे नवल दिसेल, त्याची गोष्ट मुक्कामावर सांगायची. या चौकटीत जुनं किती आणि पदरचं किती, याची वाचकाला फिकीरच उरत नाही. यातल्याच एका कथेवरून स्फुरला 'पाताळ भैरवी' (१९५१). पिंगळी नागेंद्रराव यांचं लेखन आणि के. व्ही. रेड्डी यांचं दिग्दर्शन असलेल्या या चित्रपटात राजकन्येवर जीव लावणारा माळ्याचा पोर आहे आणि त्याचा बळी द्यायला टपलेला मांत्रिकही. अशा चित्रपटांना तेलुगूत 'जानपद' म्हणतात.

'पाताळ भैरवी' काढणारे बी. नागिरेड्डी आणि चक्रपाणी यांनीच जुलै १९४७ मध्ये मद्रासहून 'चंदामामा' हे मुलांचं मासिक सुरू केलं होतं. १९५२ पासून १९८० पर्यंत, म्हणजे मृत्यूपर्यंत, त्याचं संपादन कोडवटिगंटी कुटुंबराव यांनी सांभाळलं. गंमत म्हणजे हा माणूस मार्क्सवादी, आणि रोजचं काम भुताखेतांचं, राजेरजवाड्यांचं. आलेली कथा ते स्वतःच्या हाताने सोप्या, बोलक्या तेलुगूत पुन्हा लिहीत. त्यामुळे लेखक कुणीही असो, सांगणारा एकच वाटे. पण या एकसुरी गोडव्याची किंमतही होती असं मला वाटतं. तेलंगणातले ओग्गू कथेवाले ढोलाच्या तालावर मल्लन्ना-बीरप्पा या देवांच्या कथा गातात. त्यांचा धनगरी रांगडेपणा या पानांत फारसा उतरला नाही.

मराठीत हेच मासिक १९५२ पासून 'चांदोबा' नावाने येऊ लागलं. शंकर यांच्या चित्रातला, खांद्यावर प्रेत टाकून तलवार परजत चाललेला विक्रम आपल्याला आठवतो तो तिथलाच. मूळ संस्कृत वेताळकथा पंचवीसच. त्या संपल्या तरी सदर थांबलं नाही. नवा पेच, शेवटी वेताळाचा प्रश्न, राजाचं उत्तर आणि प्रेत परत झाडावर, असं दशकानुदशकं चाललं. शेकडो कथा झाल्या. आपण प्राचीन समजून वाचलेल्या त्या वेताळकथांपैकी बहुतेक या मासिकासाठीच रचलेल्या होत्या.