ग्लॅडिएटर: दिवसकार्यापासून रिंगणापर्यंत

ग्लॅडिएटर, म्हणजे प्राचीन रोममध्ये लोकांसमोर हत्यारांनी लढणारा, म्हटलं की कोलोसियमचं भव्य रिंगण आणि ‘मारा’ असं सांगणारा खाली वळलेला अंगठा आठवतो. कोलोसियम बरंच उशिराचं, आणि तो अंगठा तर एका चित्रकाराचा.

रोममधली पहिली नोंदलेली झुंज इ.स.पू. 264 मधली. ज्युनियस ब्रूटस पेराच्या अंत्यविधीला त्याच्या मुलांनी गुरांच्या बाजारात तीन जोड्या लढवल्या. अशा झुंजीला लॅटिनमध्ये ‘मूनुस’ म्हणत, म्हणजे गेलेल्याचं देणं. पुढे ते देणं मतदारांकडे वळलं. इ.स.पू. 65 मध्ये ज्युलियस सीझरने वडिलांच्या नावाने, प्लुटार्कच्या हिशेबाने, 320 जोड्या उतरवल्या. वडील जाऊन तेव्हा वीस वर्षं झाली होती! स्पार्टाकस या ग्लॅडिएटरचं बंड मोडून जेमतेम सहा वर्षं झालेली. शहरात इतकी हत्यारबंद माणसं पाहून सिनेट धास्तावलं आणि संख्येवर मर्यादा आली. साम्राज्य आल्यावर मोठे खेळ बादशहांनी आपल्याच हाती ठेवले. इ.स. 80 मध्ये कोलोसियम खुलं झालं ते शंभर दिवसांच्या खेळांनी.

प्रत्येक झुंजीत एकजण मरायचाच, हा समज मात्र हिशेबात बसत नाही. कायदेपंडित गायसने एका कराराचं उदाहरण दिलंय: ग्लॅडिएटर धडधाकट परतला तर त्याच्या मालकाला 20 दिनार, मेला किंवा जायबंदी झाला तर 1000. म्हणजे परत आला तर भाडं, नाहीतर विकत. इतका महाग मृत्यू कोण उगाच मागेल?

अंगठ्याचं श्रेय ज्याँ-लेऑं जेरोमच्या 1872 च्या चित्राला. लॅटिन मजकुरात अंगठा ‘वळवला’ एवढंच आहे. वर की खाली, यावर अभ्यासक अजून भांडतात. याच चित्राने रिडली स्कॉटला भुरळ घातली आणि 2000 साली ‘ग्लॅडिएटर’ आला.

रिंगणातल्या झुंजी आपल्या काळातही आहेत. त्या सिनेमाआधी, 1993 मध्ये, अमेरिकेत डेन्व्हरला यूएफसी या मिश्र मार्शल आर्ट्सच्या झुंजींची पहिली स्पर्धा झाली. ‘नियम नाहीत’ हीच तिची जाहिरात. अमेरिकी सिनेटर जॉन मॅकेन यांनी तिला माणसांची कोंबडझुंज म्हटलं, राज्याराज्यांत बंदी आली, मग वजनगट, हातमोजे, नियम आले. रोमन रिंगणात पंच होताच: ‘सुम्मा रुडिस’, हातात काठी घेतलेला. काळ्या समुद्राकाठच्या अमिससला डायोडोरस नावाच्या ग्लॅडिएटरचा थडग्याचा दगड सापडला. त्यावर तक्रार कोरली आहे: प्रतिस्पर्ध्याला पाडूनही लगेच मारलं नाही, आणि नशिबाने व सुम्मा रुडिसच्या कपटाने आपलाच जीव घेतला.